सुरात बसवलेला ढावलो

माझ्या भावाच्या लॅपटॉपवर ते गाणं उघडायला गेलं की एक राखाडी चौकट यायची. अमुक नावाची लायब्ररी फाइल सापडत नाही, तिच्याशिवाय पुढे जायचं का, असं त्यात इंग्रजीत विचारलेलं असायचं. खाली दोन बटणं, हो आणि नाही. भाऊ दर वेळी 'नाही' दाबायचा, कपाळाला हात लावायचा आणि मला सांगायचा की फाइल मिळाल्याशिवाय काही खरं नाही. मी त्याच्यावर विश्वास ठेवला, कारण आमच्या घरात कॉम्प्युटर कळणारा तोच एक. वासरांत लंगडी गाय शहाणी.

आत अडकला होता आमच्या आईचा आवाज. तो मला पाहिजे होता, कारण माझ्या मुलीचं लग्न ठरलं होतं आणि आईला आता बोलता येत नव्हतं.

आम्ही गोर बंजारा. आईला याडी म्हणतो. आर्णीपासून आत, कपाशी आणि तुरीच्या वावरांमधून रस्ता जातो, तिथे आमचा तांडा आहे. एके काळी बैलांच्या पाठीवर मीठ लादून मुलूख पालथा घालणारे हे लोक आता ओट्यावर बसून सोयाबीनच्या भावावर वाद घालतात. पण मुलगी सासरी निघाली की बाया अजून ढावलो म्हणतात. म्हणजे म्हणायच्या. नवरी आणि घरातल्या बाया एकमेकींच्या गळ्यात पडून जे रडत गातात, तो ढावलो. गाणं म्हणावं तर ते रडणं असतं आणि रडणं म्हणावं तर त्याला चाल असते. समोर मावशी असेल तर शब्द वेगळे, भावजय असेल तर वेगळे. प्रत्येक घराची ओढ निराळी, आणि लग्नाच्या आधी मोठ्या बाया नवरीला ती शिकवतात.

याडीचा ढावलो ऐकायला शेजारच्या तांड्यांतून बाया यायच्या. माझ्या लग्नात ती माझ्या गळ्यात पडून गायली, पण मला त्यातलं तुकड्या-तुकड्यांनीच आठवतं. रडताना कोण पाठ करतं?

त्याचे दोन नियम होते. रिकाम्या दिवशी ढावलो म्हणायचा नाही. घरातून मुलगी निघत नसताना तो म्हटला तर दुसरंच काही निघून जातं, असं बाया मानत. आणि दुसरा नियम असा की गळा धरल्याशिवाय तो म्हणायचा नाही. याडी सांगायची की समोरचीचा हुंदका आपल्या छातीला लागतो, तेव्हा पुढची ओळ येते. नुसतं उभं राहून म्हणायला ती काही शाळेतली प्रार्थना नाही.

भाऊ माझ्यापेक्षा धाकटा. आर्णीत रस्त्याला लागून एक मोटारसायकलचं गॅरेज आहे, त्याच्या वर त्याची रेकॉर्डिंगची खोली. भिंतींना अंड्यांचे ट्रे चिकटवलेले, दाराला गोधडी. खाली मेकॅनिकभाईंनी एखादी गाडी रेज केली की वर गाणं थांबायचं. होळीची लेंगी गाणी, हळदीची गाणी, निवडणुकीत पुढाऱ्यांच्या आरत्या, सगळं तिथेच व्हायचं. कीबोर्डवर त्याचा हात चांगला आहे, ते मी नाकारत नाही. मी ढाणकीला, सासरी. तिथल्या शाळेत संगीत शिकवते. एक दिवस त्याचा फोन आला की याडी ढावलो रेकॉर्ड करायला तयार झाली आहे. कोणाचं लग्न आहे, असं मी विचारलं, तर म्हणाला की कोणाचंच नाही. आजकाल हे कोण मानतं, असं वर मलाच विचारलं. "बाई, मी जतन करून राह्यलो," असं तो त्या दिवशी म्हणाला. तेव्हापासून जतन हा शब्द कोणी काढला की माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

मग गाणं माझ्या फोनवर आलं. आधी व्हायोलिनचा लोंढा, मग ढोलकीचा ठेका, मग याडी. होती याडीच, पण ओळंबा लावून उभ्या केलेल्या भिंतीसारखी. तिचा सूर नेहमी घसरत खाली यायचा, मध्येच कुठे थांबायचा, परत चढायचा. ते सगळं गेलं होतं. प्रत्येक सूर नेमक्या जागी उभा. मी भावाला विचारलं तेव्हा त्याने मोठ्या हौसेने समजावलं की गळा सुरात ओढणारी एक फाइल असते. स्क्रीनवर आवाजाची वाकडीतिकडी रेघ दिसते, ती माउसने पट्टीवर सरळ ओढायची. याडी बेसूर नाही म्हणाला, पण एका जागी राहात नाही.

मी संगीत शिकवते, कॉम्प्युटर नाही. तरी एवढं मला तेव्हा कळलं की गाण्याचं सॉफ्टवेअर एकटं काही करत नाही. हार्मोनियमचा आवाज एका फाइलीतून येतो, देवळातल्यासारखा घुमारा दुसरीतून, खरखर काढणारी तिसरी. सॉफ्टवेअर नवरदेवासारखं मांडवात बसलेलं असतं आणि कामं सगळी या फाइली करतात. त्यातल्याच एकीने माझ्या आईला सरळ केलं होतं.

याडीने ते गाणं पहिल्यांदा ऐकलं ते तांड्यातल्या एका लग्नात. मी तिच्या शेजारी पंगतीत बसले होते. डीजेच्या बॉक्समधून आवाज सुरू झाला, तिने घास हातातच ठेवला आणि मला विचारलं, "ई कुण छ?" हे कोण आहे? मी सांगितलं की तूच आहेस. तिने आणखी थोडं ऐकलं. मग म्हणाली, "ई मारो आवाज छेनी." हा माझा आवाज नाही. आणि जेवू लागली. आजूबाजूच्या बाया हसल्या. भावाने ती गोष्ट पुढे कितीतरी लग्नांत विनोद म्हणून सांगितली की आमच्या याडीला स्वतःचाच आवाज ओळखू येत नाही.

गाणं चाललं. इतकं चाललं की आर्णी, दिग्रस, पुसदपर्यंतच्या डीजेवाल्यांकडे ते असायचं. नवरी निघाली की ते लावायचे. बाया नवरीच्या गळ्यात पडायच्या, पण तोंड मिटून. माणसाएवढ्या बॉक्ससमोर कोण कशाला घसा फोडील? आधी याडीला न्यायला तांड्यातांड्यातून मोटारसायकली यायच्या. नंतर नुसती फाइल जायची. ती ओट्यावर बसून लसूण सोलत असायची, आणि पलीकडच्या वाडीतून तिचं ते सरळ केलेलं रडणं ऐकू यायचं.

मग तिला लकवा मारला. उजवा हात गेला, बोलणं गेलं. डोळे आणि डावा हात राहिला. काही सांगायचं झालं की घशातून एक लांब आवाज निघतो, त्याला शब्द नसतात. तांड्यातल्या एका म्हातारीने मला बाजूला घेऊन सांगितलं की रिकाम्या दिवशी म्हणायला लावलं, आणि पाहा काय निघून गेलं. मी असल्या गोष्टी मानत नाही. पण भावाच्या तोंडावर मी ते वाक्य फेकून मारलं, आणि मला बरं वाटलं.

माझी मुलगी यवतमाळला दवाखान्यात नर्स आहे. उगाच रडणारी पोर नाही. लग्न ठरल्यावर साड्या, दागिने कशाबद्दल तिने हट्ट केला नाही, एवढंच म्हणाली, "मम्मी, मामाचं डीजेवालं गाणं नको लावू. नानीचा ढावलो मले शिकव." मला तर तो अर्धामुर्धाच येत होता. मी डीजेच्या गाण्यावरून माझ्या कॉम्प्युटरवर त्याचं स्वरलेखन करून पाहिलं. त्या सॉफ्टवेअरचीही हार्मोनियमची फाइल कुठे तरी गहाळ, म्हणून ते सगळं पियानोत वाजवायचं. माझ्या आईचं रडणं आइस्क्रीमच्या गाडीसारखं टिंगटिंग ऐकून मी ते बंद केलं. आणि आवाज बरोबर असता तरी काय? दोन सुरांच्या मध्ये जे घसरतं ते लिहायला त्यात घरच नव्हतं.

मग मी भावाकडे याडीचा नुसता आवाज मागितला, व्हायोलिन-ढोलकीशिवायचा, सरळ करायच्या आधीचा. तेव्हा हे प्रकरण कळलं. जुना कॉम्प्युटर व्होल्टेजने जळाला होता. हार्ड डिस्क वाचली, गाणं तिच्यावर होतं. पण नव्या लॅपटॉपवर ती सूर ओढणारी फाइल नव्हती. ती मुळात विकत घेतलेली नव्हतीच. बसस्टँडजवळच्या मोबाइल दुरुस्तीवाल्याने आपल्या पेन ड्राइव्हमधून टाकून दिली होती, आणि तो केव्हाच दुकान बंद करून हैदराबादला गेला होता. फुकटच्या बैलाचे दात कोण मोजतं?

भाऊ फाइल शोधू लागला. इंटरनेटवर त्याच नावाच्या फाइली ढिगाने मिळायच्या, आणि आत भलतंच असायचं. एकीने लॅपटॉपभर नंग्या बायांच्या जाहिराती आणल्या. एकीनंतर सगळ्या सूचना कुठल्या तरी परक्या लिपीत दिसू लागल्या. दर वेळी तो लॅपटॉप पुसून पहिल्यापासून सगळं बसवायचा, ती राखाडी चौकट यायची आणि तो 'नाही' दाबायचा. फाइलीशिवाय उघडलं तर याडीचा आवाज वेडावाकडा येईल, लोक हसतील, असं त्याचं म्हणणं. मी सांगत होते की मला तोच पाहिजे. त्याला ते ऐकूच येत नव्हतं. लग्न जवळ येत चाललं होतं.

शाळेला सुट्टी लागली तशी मी आर्णीला गेले. भाऊ मला खोलीत बसवून खाली मेकॅनिकभाईंबरोबर चहा प्यायला उतरला. लॅपटॉप उघडाच होता. मी गाण्यावर क्लिक केलं, चौकट आली. फाइल सापडत नाही, तिच्याशिवाय पुढे जायचं का? मी रागाने 'हो' दाबलं. काय बिघडायचं ते बिघडू दे.

काही बिघडलं नाही. गाणं उघडलं. रेघांच्या पट्ट्या दिसल्या, त्यातली याडीची मी एकटी वाजवली आणि खोलीत याडी आली. सूर घसरत होता. श्वास ऐकू येत होता. हातातल्या बलिया, आमच्या बायांच्या त्या कोपरापर्यंतच्या बांगड्या, कशावर तरी आपटत होत्या. सरळ करणारी फाइल नव्हती म्हणून ती आली होती. इतके महिने आमचा दिवटा तिला आत ठेवणारं कुलूप शोधत हिंडत होता. मला हसूही आलं आणि रडूही, आणि राग तर आलाच.

पट्टीची दोन्ही टोकं कापलेली दिसत होती. शाळेच्या स्नेहसंमेलनाचे व्हिडिओ मीच जोडते, त्यामुळे मला माहीत होतं की कापलेलं टोक ओढलं तर लपलेला भाग परत येतो. मी सुरुवातीचं टोक ओढलं आणि पुन्हा वाजवलं.

आधी खुर्ची सरकल्याचा आवाज. मग याडी हळूच विचारते की मी धरू कोणाला. एखादी पोरगी तरी उभी करा. मग माझा भाऊ. घरी आम्ही गोर बोलतो, पण त्या खोलीत तो याडीशीसुद्धा वऱ्हाडीत बोलायचा, साहेब असल्यासारखा.

"कोनालेच नको धरू, याडी. कपड्याचा आवाज येते. पहिले सुनेले धरून म्हटलं ते पुरं खराब झालं, पुसून टाकलं म्या. हे स्टँड धर. अन् रडू नको, सुरात म्हन."

बलिया लोखंडावर टेकल्याचा आवाज. मग तिने गायला सुरुवात केली.

म्हणजे हाही याडीचा ढावलो नव्हता. खरा तिने आधी म्हटला होता, माझ्या भावजयीच्या गळ्यात पडून, आणि तो याने खराब झाला म्हणून पुसून टाकला होता. हा दुसरा. यात ती लोखंडी दांडा धरून, पोराला आवडेल असं म्हणत होती. कॉम्प्युटरने तिला सरळ केलं ते नंतर. आधी याने तोंडानेच केलं होतं.

भाऊ वर आला. मी त्याला तो भाग ऐकवला. त्याने खाली मान घातली असती तर मी कदाचित काही बोलले नसते. पण तो म्हणाला, "बाई, त्या पहिल्या टेकात काहीच नव्हतं. निस्तं रडनं होतं." मी विचारलं की मग ढावलो म्हणजे काय असतं. तो लॅपटॉपच्या फॅनबद्दल काही तरी बोलू लागला. मी पेन ड्राइव्हवर तो दुसरा ढावलो घेतला आणि ढाणकीची गाडी धरली. दुधाची तहान ताकावर.

मुलीने डोळे मिटून, हेडफोन लावून ऐकला. संपल्यावर म्हणाली की नानी यात घाबरलेली आहे. पण दुसरं होतं काय? ती तोच शिकली. मला आठवत होते ते तुकडे मी त्यात भरले. संध्याकाळी स्वयंपाकघरात ती माझ्या गळ्यात पडून म्हणायची आणि मध्येच आम्हाला हसू फुटायचं, कारण एकीच्या हाताला पीठ आणि दुसरीच्या हातात लाटणं. मुलगी खरंच निघणार होती, त्यामुळे दिवस रिकामे नव्हते. तेवढे दिवस मला सगळं जमेल असं वाटत होतं.

भावाला मी बजावलं होतं की लग्नात हे गाणं वाजलं तर मला बहीण म्हणू नकोस. तो हो म्हणाला. पण डीजे त्याचाच होता, भाचीला मामाकडून. बॉक्स पिकअपमध्ये घालून तो स्वतः ढाणकीला घेऊन आला, आणि मामा म्हटल्यावर त्याला मांडवातून हाकलणार कोण?

मुलगी निघाली. याडीला आम्ही गाडीजवळ खुर्चीत बसवलं होतं. मुलगी वाकली. याडीने डावा हात वर केला, तिच्या मानेभोवती टाकला आणि तिला जवळ ओढलं. मुलीने तोंड उघडलं. मी दोन पावलांवर उभी होते, मला पहिला सूर ऐकू आला. आणि बॉक्स सुरू झाले. व्हायोलिनचा लोंढा, ढोलकी, आणि मग माझी आई, सरळ, स्वच्छ, पाण्याच्या टाकीपर्यंत ऐकू जाईल अशी.

मुलीचा आवाज त्यात बुडाला. तिने म्हणायचं सोडून दिलं. पण मी पाहिलं, याडीचं तोंड तिच्या कानाला लागलं होतं आणि तिचा गळा हलत होता. फिट आल्यासारखा नाही. वर जायचा, थांबायचा, खाली यायचा. तिचा डावा हात पोरीच्या पाठीवर ती जुनी लय थोपटत होता. शब्द गेले होते, पण जे चाललं होतं ते मी माझ्या लग्नात अंगावर घेतलं होतं, मला सांगायला कोणी लागत नव्हतं.

मी डीजेकडे धावले. वऱ्हाडातून वाट काढत जाईपर्यंत वेळ लागला. भाऊ लॅपटॉपसमोर उभा, डोळ्यांत पाणी. लोकच मागून राहिले होते म्हणाला, मी तरी काय करू. मी लॅपटॉप झाकला. गाणं तुटलं आणि मांडवात एकदम शांत झालं. मी वळले तर गाडी निघाली होती. याडी खुर्चीत होती, डावा हात मांडीवर, तोंड मिटलेलं.

दुसऱ्या दिवशी मुलीचा फोन आला. पोचल्याचं, देवदर्शनाचं, सासूच्या स्वभावाचं सांगून झालं. मग मी विचारलं की नानी कानात काय म्हणत होती. म्हणत होती ना काही तरी?

ती म्हणाली, "ऐकू नाही आलं, मम्मी. नानीचंच गाणं लागलं होतं ना."